सहा बॅचेस आणि एक सरासरी: लहान नमुन्यावरून कॉन्फिडन्स इंटरव्हल कसा काढावा

प्रश्न असा आला आहे. एका इमारतीच्या कामावर एम २५ ग्रेडच्या काँक्रीटच्या सहा बॅचेसमधून प्रत्येकी तीन, असे अठरा क्यूब (ताकद तपासायचे काँक्रीटचे ठोकळे) भरले आणि २८ दिवसांनी टेस्ट केले. प्रत्येक बॅचच्या तीन क्यूबची सरासरी एमपीएमध्ये (मेगापास्कल, ताकदीचं एकक) अशी आली: ३१.२, २८.६, ३३.५, २९.९, ३०.४ आणि ३२.४. मिक्स डिझाइनमधली टार्गेट मीन स्ट्रेंग्थ ३१.६ आहे. सहा निकालांची सरासरी ३१.० येते, म्हणून कन्सल्टंट म्हणतात की टार्गेट गाठलं नाही. साइटवरच्या क्वालिटी इंजिनिअरने ९५ टक्क्यांचा कॉन्फिडन्स इंटरव्हल, म्हणजे नमुन्यावरून काढलेला खऱ्या सरासरीच्या अंदाजाचा पट्टा, तीन प्रकारे काढून पाहिला आणि तीन उत्तरं आली. एक्सेलच्या फंक्शनने २९.६ ते ३२.४ दिलं, टी-टेबलवरून २९.१ ते ३२.९ आलं, आणि अठरा क्यूब सुटे सुटे धरल्यावर ३०.० ते ३२.० आलं. यातलं बरोबर कोणतं, आणि नमुना तीसपेक्षा कमी असताना असा इंटरव्हल काढण्यात अर्थ आहे का, असं त्यांनी विचारलं आहे.

बरोबर उत्तर दुसरं: २९.१ ते ३२.९. आणि हो, अर्थ आहे. नमुना लहान असतो तेव्हाच इंटरव्हलची खरी गरज असते, कारण एकटी सरासरी तिथे सर्वात जास्त फसवते.

आधी हिशेब मांडतो. सहा निकालांची बेरीज १८६.०, सरासरी ३१.०. प्रत्येक निकालाचा सरासरीपासूनचा फरक घ्या: ०.२, −२.४, २.५, −१.१, −०.६, १.४. यांच्या वर्गांची बेरीज १५.५८. तिला सहाने नाही, पाचाने भागायचं; ३.११६ येतं, त्याचं वर्गमूळ १.७६५. हे तुमचं स्टँडर्ड डेव्हिएशन, म्हणजे निकालांचा पसारा. पाचाने का? सरासरी याच सहा आकड्यांवरून काढली आहे, त्यामुळे सहा फरकांची बेरीज शून्यच येणार हे आधीच ठरलेलं असतं. पाच फरक कळले की सहावा आपोआप कळतो. मोकळे आकडे पाचच, म्हणून डिग्रीज ऑफ फ्रीडम पाच. आता १.७६५ ला √६ ने भागा: ०.७२१, ही सरासरीची स्टँडर्ड एरर, म्हणजे नमुन्यागणिक सरासरी साधारण किती हलते त्याचं माप. टी-टेबलमध्ये पाच डिग्री आणि ९५ टक्के यांच्यासमोर २.५७१ आहे. गुणाकार १.८५. म्हणून ३१.० ± १.८५.

एक्सेलने वेगळं सांगितलं याचं कारण तुम्ही कॉन्फिडन्स डॉट नॉर्म वापरलं. ते फंक्शन २.५७१ ऐवजी १.९६ ने गुणतं. जुनं नुसतं कॉन्फिडन्स नावाचं फंक्शनही तेच करतं, आणि अनेकांच्या जुन्या शीटमध्ये तेच बसलेलं असतं. तुम्हाला हवं ते कॉन्फिडन्स डॉट टी. स्टँडर्ड डेव्हिएशन काढतानाही एसटीडेव्ह डॉट एस घ्या, डॉट पी नको, कारण डॉट पी पाचाऐवजी सहाने भागतं. दोन्ही चुका एकत्र झाल्या तर ± १.८५ चं ± १.२९ होतं. कागदावर काम फार चोख झाल्यासारखं दिसतं, पण त्या आकड्याला आधार नसतो.

१.९६ चुकीचा का? १.९६ हा आकडा अशा वेळेसाठी आहे जेव्हा समष्टीचं (ज्यातून नमुना घेतला त्या सगळ्या मालाचं) खरं स्टँडर्ड डेव्हिएशन, म्हणजे सिग्मा, आपल्याला माहीत असतं. तुमच्याकडे सिग्मा नाही, सहा निकालांवरून काढलेला त्याचा अंदाज आहे. आणि सहा निकालांवरून काढलेला अंदाज किती कच्चा असतो याची बहुतेकांना कल्पना नसते. काय-वर्ग टेबल (पसाऱ्याचा इंटरव्हल काढायला लागणारं टेबल) वापरून तुमच्या सिग्माचाच ९५ टक्के इंटरव्हल काढला तर तो १.१ ते ४.३ येतो! ज्या आकड्यावर आपण सरासरीची रुंदी मोजतो, त्याच आकड्याच्या दोन टोकांत जवळपास चौपट फरक. नमुन्यात योगायोगाने सहा जवळजवळचे निकाल आले तर स्टँडर्ड डेव्हिएशन लहान दिसतं, इंटरव्हल अरुंद होतो, आणि खरी सरासरी बाहेर राहून जाते. टी-टेबलमधला मोठा गुणक या शक्यतेची भरपाई करतो.

ही भरपाई केली नाही तर किती फरक पडतो तेही नेमकं सांगता येतं. निकाल नॉर्मल वितरणातले (सरासरीच्या दोन्ही बाजूंना सारखे, घंटेच्या आकारात पसरलेले) आहेत असं धरलं आणि सगळीकडे १.९६ वापरला, तर सहाच्या नमुन्यात तथाकथित ९५ टक्के इंटरव्हल प्रत्यक्षात सुमारे ८९ टक्के वेळाच खऱ्या सरासरीला धरतो. चारच्या नमुन्यात ८६ टक्के, तीनच्या नमुन्यात ८१ आणि दोनच्या नमुन्यात फक्त ७० टक्के. म्हणजे तीन रीडिंग घेऊन १.९६ वापरणारा माणूस आपण वीसात एकदाच चुकतो असं समजतो आणि जवळजवळ पाचात एकदा चुकतो.

ही अडचण पहिल्यांदा नीट सोडवणारा माणूस कारखान्यातला होता, हे मला नेहमी महत्त्वाचं वाटतं. विल्यम गॉसेट १८९९ मध्ये डब्लिनच्या गिनेस ब्रुअरीत रसायनतज्ज्ञ म्हणून लागले. बार्लीच्या वाणांची तुलना करायची, पण हाताशी प्रयोग मोजकेच. त्या काळचं संख्याशास्त्र मोठ्या नमुन्यांचं होतं. १९०६-०७ मध्ये ते लंडनला कार्ल पिअर्सन यांच्या प्रयोगशाळेत राहिले आणि १९०८ मध्ये ‘स्टुडंट’ या टोपणनावाने त्यांचा निबंध बायोमेट्रिका या संख्याशास्त्राच्या नियतकालिकात छापून आला, कारण कंपनी कर्मचाऱ्यांना स्वतःच्या नावाने छापू देत नसे. गणिताने आलेलं वितरण त्यांनी हाताने तपासलं. तीन हजार गुन्हेगारांची उंची आणि डाव्या हाताच्या मधल्या बोटाची लांबी यांची मापं उपलब्ध होती. ती तीन हजार पुठ्ठ्याच्या तुकड्यांवर लिहिली, तुकडे खूप पिसले, आणि चार-चारचे ७५० नमुने पाडून प्रत्येकाची सरासरी आणि स्टँडर्ड डेव्हिएशन काढलं. आज हे काम संगणक क्षणात करतो. तुम्हीही एक्सेलमध्ये रँडम आकडे घेऊन एकदा करून पाहाच. टी-टेबलवरचा विश्वास त्यातून जसा बसतो तसा सूत्र पाठ करून बसत नाही. डिग्रीज ऑफ फ्रीडमची भाषा आणि आजच्या रूपातला टी पुढे रोनाल्ड फिशर यांनी पक्का केला.

‘तीसपेक्षा कमी असेल तर टी, जास्त असेल तर झेड (म्हणजे १.९६ चा गुणक)’ हा नियम कॉलेजात सगळ्यांना शिकवतात. तो सोडून द्या. सिग्मा माहीत नसेल तर नमुना कितीही असो, टी वापरा. तीसच्या नमुन्याला टी-गुणक २.०४५ आहे, म्हणजे १.९६ च्या जवळ आलेलाच आहे. मोठ्या नमुन्यात टी आपणहून झेडसारखा होतो, तिथे वेगळा नियम लागत नाही. झेड कधी चालतो? एखाद्या आरएमसी (तयार काँक्रीट पुरवणाऱ्या) प्लांटकडे त्याच ग्रेडचे, त्याच मटेरियलचे शेकडो निकाल आहेत, कंट्रोल चार्ट स्थिर आहे आणि त्यावरून सिग्मा ठामपणे ठरला आहे, तेव्हा. तुमच्या प्लांटचा असा दीर्घकालीन सिग्मा समजा २.४ असेल, तर ३१.० ± १.९२ येईल. टी-इंटरव्हलपेक्षा हा थोडा रुंदच आहे, आणि तोच जास्त विश्वासाचा. त्यावरून हेही कळतं की सहा बॅचेसमध्ये दिसलेला १.७६५ हा जरा नशिबाने लहान आलेला आकडा असू शकतो. प्लांटकडे रेकॉर्ड मागा, बहुतेकांकडे असतं.

आता अठरा क्यूबचा मुद्दा. साइटवर सर्वात जास्त घोटाळा इथे होतो, आणि टी की झेड या वादापेक्षा त्याचं नुकसान मोठं असतं.

तुमच्या दुसऱ्या बॅचचे तीन क्यूब पाहा: २७.३, २८.७, २९.८. हे तिन्ही एकाच ट्रान्झिट मिक्सरमधून, एकाच घमेल्यांच्या खेपेतून भरलेले आहेत. वाळूतलं पाणी, सिमेंटची लॉट, ऑपरेटरने स्लंप (काँक्रीटचा पातळपणा) वाढवायला टाकलेलं जास्तीचं पाणी, सगळं तिघांना सारखं. त्यांच्यातला फरक येतो तो मोल्ड भरण्यातून, टँपिंगमधून, क्युअरिंगच्या टाकीतून आणि मशीनवर क्यूब बसवण्यातून. बॅच-बॅचमधला फरक मात्र काँक्रीटचा असतो, आणि आपल्याला सरासरी हवी आहे ती काँक्रीटची. एका बॅचमधून तीन घ्या की तीस, त्या बॅचबद्दल जास्त कळेल, सातव्या बॅचबद्दल काहीही कळणार नाही. काँक्रीटच्या कामाचं भारतीय मानक आयएस ४५६ सुद्धा हेच धरून चालतं: तीन क्यूबची सरासरी म्हणजे एक निकाल, आणि एखादा क्यूब त्या सरासरीपासून १५ टक्क्यांहून जास्त हलला तर निकाल बाद. म्हणजे तुमचा नमुना सहाचा आहे. अठरा धरले की √१८ ने भागलं जातं, डिग्री सतरा होतात, गुणक २.११० वर येतो आणि रुंदी ± १.८५ वरून ± ०.९७ होते. ही निम्मी झालेली रुंदी माहितीतून आलेली नाही, मोजणीच्या गफलतीतून आली आहे. माती परीक्षणात एकाच खड्ड्यातले पाच चमचे, दूध संकलनात एकाच कॅनमधली चार फॅट रीडिंग, पाण्याच्या लॅबमध्ये एकाच बाटलीची तीन टायट्रेशन, सगळीकडे हीच गोष्ट. तीन क्यूब फुकट जातात असं मात्र नाही. त्यांची सरासरी घेतल्याने टेस्टिंगचा गोंधळ कमी होतो आणि तो फायदा बॅचच्या आकड्यात आधीच आलेला असतो.

याच धाग्याने पुढचा प्रश्न येतो: ही सरासरी कोणाची? सहाही बॅचेस एकाच दिवसाच्या स्लॅबच्या असतील, तर २९.१ ते ३२.९ हा इंटरव्हल त्या दिवसाच्या काँक्रीटचा आहे. पुढच्या महिन्यात क्रश सँड दुसऱ्या खाणीवरून आली, पावसाने ढीग भिजला, की समष्टीच बदलली. पूर्ण कामाबद्दल बोलायचं असेल तर बॅचेस वेगवेगळ्या दिवसांच्या, वेगवेगळ्या लॉटच्या हव्यात, आणि कोणत्या ट्रकमधून क्यूब भरायचे ते आधी चिठ्ठी टाकून किंवा रँडम आकड्याने ठरलेलं हवं. मिक्सर आल्यावर ‘हा माल चांगला दिसतोय, याचे भरू’ असं झालं, तर कोणतंही सूत्र ते दुरुस्त करत नाही.

या बाबतीत आपल्याकडचा एक धडा फार मोलाचा आहे. पांडुरंग वासुदेव सुखात्मे मूळचे सातारा जिल्ह्यातल्या बुधचे. लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजात जर्झी नेमन आणि एगॉन पिअर्सन यांच्या हाताखाली त्यांनी १९३६ मध्ये पीएचडी केली. कॉन्फिडन्स इंटरव्हलचा सिद्धांत उभा करणारे नेमन ते हेच; त्यांचा मुख्य निबंध १९३७ चा. सुखात्मे भारतात परतले आणि १९४० च्या दशकात इंपिरियल कौन्सिल ऑफ ॲग्रिकल्चरल रिसर्चमध्ये पीक कापणी प्रयोगांवर काम केलं. त्यात त्यांनी दाखवून दिलं की अगदी लहान प्लॉट कापले तर उत्पन्नाचा अंदाज वाढीव येतो, कारण सीमारेषेवरची झाडं कापणाऱ्याच्या हातून आत ओढली जातात. प्लॉट लहान, म्हणजे क्षेत्राच्या मानाने कडा जास्त, म्हणून चूकही जास्त. असे हजार प्लॉट कापले तर इंटरव्हल अगदी अरुंद होईल, पण चुकीच्या आकड्याभोवती. इंटरव्हल फक्त नमुन्या-नमुन्यातली चढउतार मोजतो, एका बाजूला झुकलेली मोजणी त्याला दिसत नाही. तुमच्या कामात असा झुकाव कुठे लपतो? मशीनचं कॅलिब्रेशन संपलेलं असणं, लोड फार झपाट्याने देणं, क्यूब टाकीतून काढून दोन दिवस कोरडे पडू देणं, बाजू सपाट नसणं. हे आधी तपासा.

निकाल नॉर्मल आहेत की नाही याची चिंता बरेच जण करतात. सहा आकड्यांवर नॉर्मॅलिटी टेस्ट चालवू नका. इतक्या कमी आकड्यांत ती जवळजवळ नेहमीच ‘ठीक आहे’ म्हणते. त्याऐवजी एका रेषेवर सहा ठिपके काढून डोळ्यांनी पाहा आणि त्या प्रकारच्या मापाचा पूर्वीचा अनुभव विचारात घ्या. एका प्लांटचे क्यूब निकाल साधारण नॉर्मल वागतात, तिथे टी बिनधास्त वापरावा. फवारणीनंतरचा अवशेष, पाण्यातले जिवाणू, दुरुस्तीला लागलेला वेळ अशी उजवीकडे लांब शेपूट असलेली मापं असतील तर टी-इंटरव्हल गडबडतो. लॉग घेऊन काम होतं, पण परत उलटं केल्यावर मिळतो तो गुणोत्तर मध्याचा इंटरव्हल. साध्या सरासरीचा म्हणून तो छापू नये. बूटस्ट्रॅप हा सहाच्या नमुन्यावर उपाय नाही. सहाच आकडे पुन्हा पुन्हा उचलून नवी माहिती येत नाही, आणि साध्या पर्सेंटाइल पद्धतीने आलेला इंटरव्हल टीपेक्षाही अरुंद निघतो.

एकटा आकडा किती खेळ करतो याचं जुनं उदाहरण गॉसेट यांच्याच निबंधात आहे. दहा रुग्णांना दोन झोपेची औषधं दिली. दुसऱ्या औषधाने पहिल्यापेक्षा किती तास झोप जास्त मिळाली ते फरक असे: १.२, २.४, १.३, १.३, ०.०, १.०, १.८, ०.८, ४.६, १.४. सरासरी १.५८, स्टँडर्ड डेव्हिएशन १.२३, नऊ डिग्रीला गुणक २.२६२, इंटरव्हल ०.७० ते २.४६ तास. आता ४.६ झाकून पाहा: सरासरी १.२४ आणि इंटरव्हल ०.७४ ते १.७५. खालचं टोक जेमतेम हललं, वरचं मात्र पाऊण तासाने खाली आलं. म्हणजे ‘दुसऱ्या औषधाने झोप वाढते’ हा निष्कर्ष त्या एका रुग्णावर अवलंबून नाही, पण ‘किती वाढते’ याची वरची मर्यादा पूर्णपणे त्याच्यावर आहे. वेगळा पडलेला आकडा कारणाशिवाय काढून टाकू नका. तो ठेवून आणि काढून असे दोन्ही हिशेब रिपोर्टमध्ये द्या.

आता कन्सल्टंटच्या आक्षेपाकडे येतो. टार्गेट ३१.६ हा आकडा २५ + १.६५ × ४ मधून आला आहे. त्यातला ४ हा आयएस ४५६ ने एम २५ साठी गृहीत धरलेला सिग्मा. ३१.६ तुमच्या इंटरव्हलच्या आत आहे, म्हणून ३१.० या सरासरीवरून टार्गेट चुकलं असं म्हणता येत नाही. पण गाठलं असंही म्हणता येत नाही, कारण २९.५ सुद्धा आतच आहे. सहा बॅचेस इतकंच सांगू शकतात, आणि हे दोन्ही बाजूंना स्पष्ट सांगायला हवं. ‘खरी सरासरी या इंटरव्हलमध्ये असण्याची शक्यता ९५ टक्के’ असंही लिहू नका. ९५ टक्के ही पद्धतीची हमी आहे: याच रीतीने पुन्हा पुन्हा नमुने घेऊन इंटरव्हल काढत गेलो तर शंभरातले सुमारे ९५ खऱ्या सरासरीला धरतील. हाती आलेला एक इंटरव्हल त्या ९५ पैकी आहे की पाचांपैकी, हे त्याच्याकडे बघून कळत नाही.

त्याहून मोठी सावधगिरी अशी. पूर्ण इंटरव्हल २५ च्या वर आहे, म्हणून ‘काँक्रीट एम २५ आहे हे ९५ टक्के खात्रीने सिद्ध झालं’ असा निष्कर्ष काढायचा मोह होईल. एम २५ म्हणजे सरासरी २५ नव्हे. २५ पेक्षा कमी निकाल पाच टक्क्यांहून जास्त येऊ नयेत, असा त्याचा अर्थ. सरासरीचा इंटरव्हल सुट्या निकालांबद्दल बोलतच नाही. पुढच्या एका बॅचचा निकाल कुठे पडेल यासाठी प्रेडिक्शन इंटरव्हल लागतो: ३१.० ± २.५७१ × १.७६५ × √(१ + १/६), म्हणजे २६.१ ते ३५.९. आणि ‘९५ टक्के बॅचेस अमुक आकड्याच्या वर आहेत’ असं ९५ टक्के खात्रीने म्हणायचं असेल तर टॉलरन्स मर्यादा लागते. सहाच्या नमुन्याला तिचा एकतर्फी गुणक ३.७०८ आहे, ३१.० − ३.७०८ × १.७६५ = २४.५. पंचवीसच्या खाली! म्हणजे सरासरी चांगली असूनही, फक्त या सहा आकड्यांच्या बळावर ग्रेडबद्दल इतक्या खात्रीने बोलता येत नाही. काम स्वीकारायचं की नाही हे आयएस ४५६ च्या स्वीकृती निकषांवरच ठरवा, तो वेगळा हिशेब आहे.

रिपोर्टमध्ये मी असं लिहीन: ‘सहा स्वतंत्र बॅचेस, प्रत्येकी तीन क्यूब, २८ दिवसांची सरासरी ३१.० एमपीए, बॅच-बॅचमधलं स्टँडर्ड डेव्हिएशन १.८, सरासरीचा ९५ टक्के इंटरव्हल २९.१ ते ३२.९, टी-वितरण, पाच डिग्री.’ सोबत सहा आकडे आणि क्यूब भरल्याच्या तारखा.

रुंदी कमी करायची तर बॅचेस वाढवा. पसारा हाच राहिला तर बारा बॅचेसला ± १.१२ येईल आणि वीसला ± ०.८३. तीनला मात्र ± ४.४ आला असता, म्हणून तीन बॅचेसवर थांबणं परवडत नाही. सुरुवातीच्या काही बॅचेसमधून सर्वाधिक फायदा मिळतो, नंतर तो मंदावतो; माझ्या मते तुमच्या कामाला बारा पुरेत. पण बारा हा आकडा आजच लिहून ठेवा आणि कन्सल्टंटची सही घ्या. दर बॅचनंतर हिशेब करून ३१.६ सोयीच्या जागी आला की थांबायचं, असं केलं तर ९५ टक्क्यांची हमी राहत नाही. उरलेल्या सहा बॅचेस किमान तीन वेगवेगळ्या दिवशी भरा, त्यातला एक दिवस नवीन सिमेंटची लॉट आल्यानंतरचा असू द्या, आणि प्रत्येक वेळी वाळूतल्या पाण्याचं रीडिंग क्यूब रजिस्टरमध्ये त्याच ओळीत नोंदवा.